टर्कीवाल्याचा आवाज

३ मार्च १९९२
त्याला आज पहिल्या दहा मिनिटांतच मारलं. सराईचा मालक. दोन वाक्यं, मग विहिरीत.
मिल बंद झाल्यापासूनचं हे पहिलं काम. बाफनाजींनी टर्कीच्या मारधाडीच्या सिनेमांचा गठ्ठा घेतलाय. हिंदी आवाज भरायचे, लहान गावांतल्या टॉकीजना द्यायचे. मल्हारगंजात त्यांच्या गोदामामागे खोली, भिंतींना गाद्या. शाम मशीनवर. हिरोचा आवाज दुसऱ्याचा. मरणारे सगळे माझे.
विहिरीत पडताना मनापासून ओरडलो. शाम म्हणाला, ‘भिया, इतना नहीं. छोटा आदमी है.’

१९ मार्च
दुसरा सिनेमा. पुन्हा तोच! घोड्यावरून पडताना डावा हात आधी टेकतो, विहिरीच्या काठावर टेकला होता तसाच; त्यावरून ओळखला. या वेळी डाकूंच्या सरदाराचा उजवा हात. अर्ध्यापर्यंत जगला. दाढीत पांढरं कमी — मागच्या सिनेमातली पांढरी रंगवलेली असणार.
सुरुवातीची नावं कापलेली असतात. साल नाही, काही नाही. मी त्याला कासिम म्हणतो.

२ एप्रिल
पंढरीनाथ आला. माझा मेहुणा, दुर्गाचा भाऊ. पीथमपुरात तो काम करतो त्या कारखान्यात टाइमकीपर हवाय. त्याने माझं नाव घातलंय. मिलमध्ये तेच काम केलं, सहज जमेल. महिनाभरात हो-नाही सांगायचं.
मी विचार करतो म्हटलं. जाताना दारात म्हणाला, ‘दाजी, टर्कीवाले पेंशन देतात का?’ दुर्गा हसली. मीही.

१४ एप्रिल
महूला. गर्दी, निळे झेंडे. जुने लोक भेटले की एकच प्रश्न — मिल कधी उघडणार? नाही उघडणार, म्हणालो. पहिल्यांदाच मोठ्याने.

२७ एप्रिल
तिसरा. कासिम आता हिरोचा मित्र! पोट उतरलंय. गाल बसलेत. माणसाने मेहनत घेतलेली दिसते. शेवटाच्या जरा आधी मरतो, हिरोच्या मांडीवर, आणि मरताना लांब बोलतो. सिनेमासोबत आलेल्या इंग्रजी संवादांच्या कागदावर त्याचं एकच ओबडधोबड वाक्य होतं. ओठांची हालचाल मोजून मी चार लिहिली. एम.ए.ला इतकं घासूनपुसून काही लिहिलं नव्हतं.
शामने मशीन बंद केलं. मग चहा मागवला.
सराईवाला, मग उजवा हात, मग मित्र. चढतोय तो. न ओरडता, न मागता. विहिरीत पडला त्या दिवशी त्यालाही कुणी म्हटलं असेल, छोटा आदमी है.

२८ एप्रिल
दुर्गाला सांगितलं, पीथमपूर नको. ती अन्नपूर्णा भागातल्या शाळेत शिकवते. घर सध्या त्यावरच. भाजी निवडत राहिली. मग विचारलं, कशाच्या भरवशावर? मी कासिमचं सांगितलं. सगळं, क्रमाने.
‘तो तिकडे चढतोय. तुम्ही इकडे त्याच्या मागे उभे आहात.’
तरी नकोच.

४ मे
पंढरीनाथला फोनवर ‘नाही’ म्हणून कळवलं. जागा दुसऱ्याला जाईल, म्हणाला. परत विचारणार नाही.


१८ मे
बाफनाजींनी तुकोगंजच्या ऑफिसात बोलावलं. टेबलावर पोस्टर, रंगवलेलं. मध्ये कासिम! घोडा, तलवार, मागे आग. ‘गट्ठे की आखरी फिल्म है. तुम्हारा वाला हीरो है. आवाज तुम ही करना.’
पायी घरी आलो. उद्यापासून सकाळी मीठ-पाण्याच्या गुळण्या.

२१ मे
कॅसेट लावली. सिनेमा काळा-पांढरा.
कासिम जेमतेम पंचविशीचा. दाढी नाही. घोड्यावरून पडतच नाही.
शाम आधी हसला. मग माझ्याकडे बघून थांबला. ‘भिया, ये तो सबसे पुरानी है. सेठ ने नई पहले निकाली, ऊपर से.’
म्हणजे हिरो होता. मग मित्र. मग उजवा हात. मग म्हातारा, विहिरीत.
बाफनाजी येऊन बघून गेले. ब्लॅक अँड व्हाइट कोण बघतो, म्हणाले. कॅसेट परत पेटीत.

२२ मे
दुर्गापासून लपवणार नव्हतो. सांगितलं. ती कपडे घडी करत होती.
हातातली घडी ठेवून म्हणाली, ‘पण त्याला कामावरून कुणी काढलं नाही ना?’
नाही, म्हटलं.
सोमवारी नवा गठ्ठा येतोय. अकराला बोलावलंय. जाणार.