नवसाला चालणारे मासे

३ एप्रिल २००४, शनिवार
आज नवस बोललो. ग्रीन कार्डाचा अर्ज जाऊन वर्ष होत आलं. वकील फोन घेत नाही. शेवटी सुवर्णाने मालवणजवळ तिच्या गावी फोन लावला. देवळासमोरच्या दुकानातला फोन वायर ओढून पायरीपर्यंत आणला होता. सासरे, म्हणजे जगन्नाथराव, रिसीव्हर धरून उभे आणि गुरव गाऱ्हाणं घालतोय: तुझ्या लेकराचा अमेरिकेत जा काय कार्डाचा काम अडकला हा, ता मार्गी लाव रे म्हाराजा! मागून सगळे: होय म्हाराजा! इथे एडिसन गावातल्या आमच्या अपार्टमेंटमध्ये स्पीकरफोनवर अंगावर काटा आला.

सुवर्णा म्हणाली, कार्ड हातात पडेपर्यंत मी मासे-मटण खाणार नाही. सासरे ऐकत होते, म्हणून मीही मोठ्याने म्हणालो, मीसुद्धा! गुरवाने ते तत्काळ देवाला कळवलं. देवाने उजवा कौल दिला, म्हणजे मंजूर.

फोन ठेवल्यावर सुवर्णा म्हणाली, तू कशाला मध्ये पडलास, तुला जमणार आहे का? वाईट वाटलं. लग्नापर्यंत पुण्यात वरण-भातावर वाढलेला माणूस आहे मी. कंट्रोल माझ्या रक्तात आहे.

४ एप्रिल, रविवार
फ्रीझरमधली सुरमई सुवर्णाने शेजारच्या सरला काकूंना दिली. सोड्यांची बरणीसुद्धा. बरणी देताना झाकण उघडून एकदा वास घेतला तिने. मी म्हणालो, मन घट्ट कर. ती मालवणची, मी सदाशिव पेठेचा. मासे मला तिनेच शिकवले, त्यामुळे सोडणं मलाच सोपं.

२० एप्रिल, मंगळवार
मासे आठवतसुद्धा नाहीत. आज फक्त दोनदा.

२४ एप्रिल, शनिवार, रात्री
मराठी मंडळातल्या पद्मिनी मावशींची मुलगी प्रीता इथेच जन्मली. अकाउंटिंगची नोकरी सोडून दोन वर्षं बार्सिलोनात राहून आली. आता दर शनिवारी मॅनहॅटनमध्ये लोकांना खाऊगल्ल्या हिंडवते. एका मोहल्ल्यात पायी फिरायचं, चार-पाच लहान बारमध्ये शिरायचं, प्रत्येक ठिकाणी एकेक बशी. त्या बश्यांना तापास म्हणतात. स्पॅनिश म्हटलेलं प्रीताला आवडत नाही, बार्सिलोनाचं ते कॅटलान म्हणायचं. आपण कोकणी जेवणाला मराठी जेवण म्हटलं की सुवर्णाचं जे होतं तेच.

मावशी म्हणाल्या, कुणी आपला माणूस जा रे. सुवर्णाची शनिवारी मराठी शाळा असते. म्हणून मी गेलो. केवळ मराठी मुलीच्या धंद्याला हातभार म्हणून.

आधीच सांगितलं, मी व्हेजिटेरियन. प्रीता म्हणाली, नो प्रॉब्लेम, काका. (मी चौतीस वर्षांचा आहे.) पहिल्या बारमध्ये पाव. भाजायचा, त्यावर लसूण घासायची, मग अर्धा टोमॅटो घासून साल टाकून द्यायची, वर तेल. झालं. सुवर्णा याला स्वयंपाक म्हणणार नाही, पण लागतं छान. दुसऱ्या बारमध्ये भाजलेली वांगी-मिरची. तिच्याखाली काहीतरी चपटं, खारं होतं. गिळल्यावर प्रीता म्हणाली, अरे सॉरी, त्यात अँचोव्ही असते, खारवलेली बारकी मासळी.

चूक माझी नाही. थुंकणं शक्य नव्हतं, समोर ओहायोचं एक वयस्कर जोडपं बसलं होतं. देशाची अब्रू असते.

सुवर्णाला पावाचं सविस्तर सांगितलं.

२६ एप्रिल, सोमवार
ऑफिसात दिवसभर त्या खाऱ्या चवीचा विचार. सासूबाई पावसाळ्यासाठी बांगडा खारवून ठेवतात, तीच चव. अर्थात हा विचार अभ्यास म्हणून केला.

१ मे, शनिवार
प्रीताला मदतनीस हवा होता. ग्रुपच्या शेवटी चालायचं, माणसं मोजायची, सिग्नलला कुणी मागे राहिलं तर हाक मारायची. मी तयार झालो. सुवर्णाला म्हणालो, ऑफिसात सॉफ्टवेअरचा रिलीज आहे, आता शनिवारी जावं लागेल. खोटं नाही, रिलीज आहेच. जूनअखेर.

शेवटी चालणाऱ्यापुढे उरलेलं येतं. उरलेलं अन्न टाकायचं नाही, हे घरचं वळण.

८ मे, शनिवार
आज नीट विचार केला. अँचोव्ही मिठात पुरून महिनोन् महिने ठेवतात, मग तेलात घालतात, बरणीत भरतात. मीठ, तेल, बरणी, मुरवण. याला जगभर लोणचं म्हणतात. लोणचं नवसात कुठेही बंद नाही.

चार खाल्ल्या. लोणचं म्हणून.

१५ मे, शनिवार
खारवलेल्या कॉड माशाचं कच्चं सॅलड. तेही मुरवलेलंच. सहावीतल्या शास्त्राच्या पुस्तकात पदार्थ टिकवण्याच्या पद्धती होत्या, त्यात हे सगळं एकाच धड्यात होतं.

हॅमला मात्र हात लावला नाही. सुवर्णाला दिलेला शब्द तो शब्द.

२२ मे, शनिवार
हॅमचा धडाही तोच.

२३ मे, रविवार
सुवर्णाने वरण-भात, भेंडी केली. जेवताना म्हणाली, शनिवारी फार दमतोस रे, चेहरा उतरलाय. रात्रीसाठी पायांना तेल गरम करून ठेवलं. ठरवलं: पुढचा शनिवार बंद. काय वाटेल ते झालं तरी बंद.

२९ मे, शनिवार
प्रीताकडे अठरा माणसांचा ग्रुप. ऐन वेळी नाही कसं म्हणणार? पोरगी उघड्यावर पडली असती.

तिला हळूच म्हणालो, आईला सांगू नकोस हं मी काय खातो ते. ती हसली. म्हणाली, रिलॅक्स काका, मी हॅम खाते हे तिला तरी कुठे माहितीये. इतकी समजूतदार मुलगी. इथल्या मुलांना उगाच नावं ठेवतात.

११ जून, शुक्रवार
वकिलाचा फोन. इमिग्रेशनने आणखी कागद मागितले आहेत. पुण्याच्या जुन्या कंपनीच्या पत्रात कामाचं स्वरूप नीट लिहिलेलं नाही. वकील म्हणाला, नेहमीचं आहे, घाबरू नका.

कंपनीच्या पत्राचा इथे काही संबंध नाही. मला माहीत आहे कशामुळे झालं ते. तेलात होतं ते, बरणीत.

११ जून, रात्री
सुवर्णा रडली. म्हणाली, माझ्यामुळे झालं. गेल्या महिन्यात पद्मिनी मावशींकडे भिशी होती. त्यांनी बांगड्याचं तिखलं केलं होतं आणि हिला म्हणाल्या, मालवणची ना तू, जरा मीठ बघ गं. ही सवयीने हातावर थेंबभर घेऊन चाखून बसली. मग लक्षात आलं. थुंकली, तोंड धुतलं, पण जिभेला लागलं ते लागलंच. तेव्हापासून कुणाला सांगितलं नाही, आतल्या आत कुढत होती.

तेव्हा सांगून टाकायला हवं होतं. तोंड उघडलंही होतं. पण ती इतकी रडत होती, त्यात आणखी धक्का नको. म्हणालो, देव एवढ्यावर रागावत नाही गं. हातून होतं कधी कधी. माझ्याकडे बघून म्हणाली, तू किती सांभाळून घेतोस.

मी तिला मोठ्या मनाने माफ केलं. नंतर बाथरूममध्ये बराच वेळ नळ सोडून बसलो.

१२ जून, शनिवार
सुवर्णा म्हणाली, बाबा आज पुन्हा गाऱ्हाणं घालायला सांगणार आहेत, साडेनऊला फोन, थांबशील का? म्हणालो, रिलीज. नऊची गाडी पकडली.

वाटेत ठरवलं होतं की आज फक्त पाव. प्रायश्चित्त. पण तिसऱ्या बारवाल्याने माझ्यासाठी म्हणून बशी वेगळी काढून ठेवली होती. परक्या देशात माणूस आपल्याला ओळखायला लागतो, तो क्षण मोठा असतो. त्याचा अपमान मला जमला नाही.

घरी आल्यावर विचारलं, काय झालं गाऱ्हाण्याला? म्हणाली, कौल डावा पडला. गुरवाने विचारलं, नवसात कुणाकडून चूक झालीय का? मी म्हटलं, माझ्याकडून झाली. मग? मग काही नाही, जे बोलायचं ते बोलले, पुन्हा उजवा पडला. काय बोललीस? म्हणाली, जाऊ दे, तुला त्याचा त्रास नाही.

मी विचारलं असतं, पण ढेकर येत होते. लसणीचे.

१९ जून, शनिवार
गेलो नाही! दुपारी सुवर्णाला म्हणालो, रिलीज एक आठवडा पुढे गेला. तिला इतका आनंद झाला की तिने पुरण घातलं. अपराधी वाटून तीन पोळ्या खाल्ल्या.

२६ जून, शनिवार
गेलो. गेल्या शनिवारी सिग्नलला दोन माणसं चुकली म्हणे. शेवटी चालणाऱ्याची किंमत तो नसला की कळते.

१० जुलै, शनिवार
पुण्याहून नवीन पत्र आलं, वकिलाकडे गेलं. आता एकही चूक नको. कार्ड येईपर्यंत अँचोव्ही बंद. याच डायरीला साक्षी ठेवून लिहितो.

१७ जुलै, शनिवार
बंद.

२४ जुलै, शनिवार
रिलीज झाला, पण घरी म्हटलंय, आता त्यातल्या चुका दुरुस्त करायच्या आहेत. अँचोव्ही बंदच. आज स्क्विड होतं. त्याविषयी दहा तारखेला काही लिहिलेलं नाही, मागे जाऊन वाचलं.

२१ ऑगस्ट, शनिवार
श्रावण. सुवर्णा सोमवारही करते आहे. सरला काकूंनी मासे तळले की वास कॉरिडॉरमधून येतो. ती खिडकी उघडत नाही, बंदही करत नाही, मराठी शाळेच्या वह्या तपासत बसते. आज तिच्याजवळ जाऊन बसलो. माझ्या शर्टाला बारमधल्या तळणाचा वास येत असेल म्हणून जरा लांबच बसलो.

४ ऑक्टोबर, सोमवार
आलं! दोघांचीही आली! पाकीट सुवर्णाने देवापुढे ठेवून मग उघडलं. दोघं रडलो. आठ महिन्यांचं ओझं उतरलं. (सहा महिन्यांचं. पण ओझं आठचं होतं.) सासऱ्यांना फोन केला, होय म्हाराजा झालं.

आता सगळं कायदेशीर! मी काय काय केलं ते सांगायची आता गरजच उरली नाही. नवस संपला, म्हणजे त्यातल्या चुकाही संपल्या. शनिवारी शाळा बुडवायला लावून सुवर्णाला प्रीताच्या वॉकला न्यायचं. तिचा पहिला घास तिथे. सरप्राइज.

९ ऑक्टोबर, शनिवार
गाडीत तिला सांगितलं, आज तुला मासे खायला घालणार, असे मालवणातही मिळत नाहीत. ती म्हणाली, यतीन, मी नाही खाणार. डावा कौल पडला तेव्हा मी वाढवून बोलले. कार्ड आलं तर जन्मभर मासे सोडले म्हणून.

जन्मभर? म्हणाली, चूक मी केली होती ना. थोडक्यात कसं भागेल?

मी विचारलं, आणि माझं? म्हणाली, तुला त्यातून काढलं मी त्याच दिवशी. गुरवाला सांगितलं, त्यांच्याकडून काही चुकलेलं नाही, त्यांना कशाला बांधायचं. बारा जूनपासून तू मोकळाच आहेस. सांगितलं नाही, कारण तू इतकं मनापासून पाळत होतास.

मॅनहॅटनच्या पेन स्टेशनपर्यंत मी येणारी स्टेशनं मोजत बसलो.

पहिल्या बारमध्ये तिने टोमॅटो घासलेला पाव आवडीने खाल्ला. कृतीही विचारून घेतली. तिसऱ्या बारमध्ये बारवाल्याने मला बघितलं आणि मोठ्याने हाक मारून माझी बशी पुढे सरकवली. अँचोव्ही, रांगेने, तेलात चमकणाऱ्या. प्रीता सुवर्णाला इंग्रजीत म्हणाली, काकांचं हे नेहमीचं. एप्रिलपासून एक शनिवार चुकवला असेल त्यांनी. काकू, तुमच्यासाठीही मागवू?

सुवर्णा म्हणाली, नको. मग माझ्याकडे बघितलं. रागाने नाही. रागाने बघितलं असतं तर बरं झालं असतं. म्हणाली, म्हणजे डावा कौल बरोबर होता तर.

मी म्हणालो, ऐक ना, ते म्हणजे तांत्रिकदृष्ट्या लोणचं.

ती म्हणाली, खा. तुझं चालतं आता.

बारवाला बघत होता. खाल्ल्या.

१० ऑक्टोबर, रविवार
रात्री सगळं सांगितलं. हॅमसुद्धा. मग म्हणालो, तुझी चूक नव्हतीच, तेव्हा तुझा नवस रद्द होतो, गुरवाला विचारू या. ती म्हणाली, देवाला दिलेलं परत मागतात का कधी? विषय संपला. भांडलीसुद्धा नाही.

मी म्हणालो, मग मीही जन्मभर सोडतो. आत्ता, या क्षणी. ती म्हणाली, नको रे, उगाच आणखी एक नवस मोडेल. कार्ड अजून नवीन आहे.

१७ ऑक्टोबर, रविवार
सकाळी सुवर्णा आयसेलिनला जाऊन सुरमई घेऊन आली. मी नको नको म्हणालो. म्हणाली, तू मोकळा आहेस, तर खा. हळद-तिखट लावलं, कोकम लावलं, रवा लावून तळली. सहा महिन्यांनी घरात तो वास. एकच ताट वाढलं आणि समोर तिचा वरण-भात घेऊन बसली.

मीठ घालायचं राहिलं होतं. एक कणही नव्हता.

तिने विचारलं, मीठ बरोबर आहे ना? मला चाखून बघता येत नाही.

मी म्हणालो, अगदी बरोबर आहे. तिने दुसरी तुकडी वाढली.