चेंडू तिच्याकडं गेला तरच

रविवार, दिवेलागणीले

माही पोरगी शालू केरळातल्या फुटबॉल क्लबची गोलकीपर. तिची मॅच टीव्हीवर लागत नाई, मोबाईलवरच पाहा लागते. घरात रेंज नाई, म्हणून आज मी अन् हे वांग्याच्या वावरात मोबाईल धरून उभे होतो.

पण कॅमेरा चेंडूमागंच पळते. चेंडू तिच्याकडं गेला तरच पोरगी दिसते. "कवा दाखोतीन आपलीले?" हे सारखे इचारून राह्यले. शेवटी मी पोहरादेवीकडं तोंड करून हात जोडले, एकदा तरी चेंडू तिच्याकडं जाऊ दे.

गेला. शालू पालथी पडली अन् चेंडू जाळीत.

असं कसं मागून बसली मी? मायनं असं मागावं?

मॅच झाल्यावर तिचा फोन आला. "आई, दिसली का मी?"

"नाई बाई," म्हटलं. "रेंजच नोती."