जीपची वेळ मीच सांगतली

बादल,

तुले 'चिरंजीव' लिहायले माहा हात धजत नाही.

आमच्या तांड्यावर येऊन तू खाटेवर बसला, चहा पेला आन गोड बोलून विचारलं, "आजोबा, रंजिता दारव्ह्याहून कोणत्या जीपनं येते?" सोयऱ्याचा पोरगा म्हणून मी सांगतलं. तवापासून तू रोज त्या जीपपाशी उभा. तिनं तोंडावर नाही म्हटलं, नंबर बदलला, तरी तू मागंच.

जी नात माह्या दंडाले पट्टा बांधून बीपी मोजे, ती आता जीपचा हॉर्न ऐकला तरी आतून कडी लावून घेते. दारव्ह्याच्या नर्सिंगच्या वर्गाले जाणं सुटलं. तिचा बाप सुनील तिलेच म्हणते, "तूच वेळ सांगतली असशीन! नाहीतर त्याले कसं कळलं?" आन तिच्यासाठी स्थळं पाहून राह्यला. ती रडते. मी म्हातारा महिनाभर मुकाट भाकर खाऊन राह्यलो.

आज सुनीलले खरं सांगतो. मग रंजितासंगं पोलीस ठाण्यात जातो आन तिथंही तेच लिहून देतो.

हे पत्र टाकत नाही, बेशरमा. माह्या घरची खबर तुले एकदा देल्ली. आता एक अक्षर भेटायचं नाही.

तुहा कोणीही नसलेला,
भीमसिंग