ह्यांच्याच हातात बंद पडतो

मंगळ., ४ नोव्हें.
पुन्हा बंद पडला. तिसऱ्या वळणावर, ट्रकला मागे टाकतानाच. स्क्रीन काळी, वर पांढरी इंग्रजी अक्षरं. ह्यांनी तो हातात धरून खेळायचा गेमचा डबा उशीवर आपटला आणि गॅलरीत जाऊन उभे राहिले. मी भाकरी थापत राहिले. बोलले असते तर भाकरी करपली असती आणि भांडणही झालं असतं.

डबा अमोल भावजींचा. देताना म्हणाले होते, "जुना आहे वहिनी, पण आतलं सॉफ्टवेअर मी बदललंय, कार्डावर हवे तेवढे गेम आहेत." फिजिओच्या मॅडम म्हणाल्या, चेंडू दाबून कंटाळा येत असेल तर गेम खेळा, बोटं चालल्याशी मतलब. ऑगस्टमध्ये कंपनीत पत्र्याने ह्यांचा उजवा तळहात कापला तेव्हापासून अनामिका आणि करंगळी आखडलेली आहेत. १७ ला कंपनीत मेडिकल. फिट म्हणाले तर पुन्हा पत्रा कापायच्या प्रेस मशीनवर, नाही म्हणाले तर... ह्या घरात ते वाक्य कुणी पुरं करत नाही.

डब्याच्या मागे खाली तपकिरी डाग होता. लोणच्याचे हात, दुसरं काय. स्पिरिटने पुसला.

गुरु., ६
भावजी माणच्या ऑफिसातून सुटल्यावर थेट आले. पोहे खाता खाता कार्ड बदललं, नवं कार्ड फॉरमॅट केलं, स्पीड कमी केला, झटपट जिंकायच्या चीट फायली उडवल्या. सगळं एका दमात. मी म्हटलं, एकेक बदला ना. आमच्या कंपनीत सर्किट बोर्डाच्या लाइनवर बोर्ड बिघडला तर एका वेळी एकच गोष्ट बदलायची, नाहीतर दुखणं कुठं होतं ते कधीच कळत नाही.
"वहिनी, चाललं की झालं!"
चाललं. त्यांच्या हातात अख्खी शर्यत झाली. ते चिखलीच्या चौकापर्यंत पोचले नसतील तोवर ह्यांनी हातात घेतला. तिसरं वळण, काळी स्क्रीन.
आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी.

शुक्र., ७
फर्स्ट शिफ्ट करून आले. हे फिजिओला गेले होते. मी एकटीने खेळून पाहिलं. शेवटची आले, दोनदा दरीत गेले, पण डबा काही बंद पडला नाही. पुन्हा खेळले. नाही. मग हट्टाने तिसऱ्या वळणावरच गाडी पुढे-मागे करत बसले. नाही म्हणजे नाही.

संध्याकाळी जीभ सुटली माझी. ह्यांचा गेम परत बंद पडला तेव्हा म्हणून गेले, "नाचता येईना अंगण वाकडं." हसत म्हटलं होतं. ह्यांचा चेहरा पाहिला आणि हसू तिथंच थांबलं.
"माझ्याच हातात बंद पडायलाय म्हणजे हातच खराब हाय, असंच ना?"
रात्री चमचा बाजूला सारला आणि मुद्दाम उजव्या हाताने जेवले. भात ताटाबाहेर सांडत होता तरी. सांडलेलं मी वेचत राहिले.

शनि., ८
पिंपरी मार्केट, रफीकभाईंचं मोबाइल रिपेअरचं दुकान. त्यांनी डबा उघडला, ब्रश मारला, बॅटरी मोजली. "भाभी, ह्यात काय खराबी नाय. बोर्ड एकदम साफ. भाईच्या हातात करंट हाय का काय?" ते हसले, मी हसले. हे रस्त्यावरच्या गाड्या बघत राहिले.
मागे पुन्हा तोच डाग. लोणचं तर मंगळवारपासून काढलेलं नाही.

रवि., ९
सापडलं.
सुट्टी होती. विचार केला, गेम तोच, कार्ड नवं, भिंग धरून पाहिलं तर सोल्डरिंगही चोख. बदलतो फक्त धरणारा. मग धरणंच पाहायला हवं. दुपारी हे खेळत असताना समोर बसून नुसती बोटं पाहिली. आपली सगळ्यांची बोटं मागे सपाट टेकतात. ह्यांची अनामिका सरळ होतच नाही, आकड्यासारखी खालच्या कडेला अडकते. आणि खालच्या कडेलाच कार्डाची खाच. तिचं झाकण कधीच तुटलंय, नुसतं टोक उरलंय. वळण आलं की हे आवळून धरतात. टक्. कार्ड जरासं बाहेर. काळी स्क्रीन.

मी डबा हिसकावून घेतला, बोट तसंच वाकवलं, दाबलं. टक्, बंद. परत घातलं, दाबलं, बंद. अक्षरशः उडीच मारली मी. लाइनवरसुद्धा दोष सापडल्याचा एवढा आनंद कधी झाला नव्हता.
"अहो, हे बघा, इथं! तुमच्या ह्या बोटाने!" म्हणून त्यांचा हात ओढला.
अनामिकेच्या टोकाला चीर होती. ताजी, ओली. तिच्या शेजारी दोन जुन्या, खपली धरलेल्या.
"हे कधी लागलं?"
"कुठं?"
मी बोट त्यांच्या डोळ्यांसमोर धरलं, तेव्हा त्यांनी पाहिलं.

लोणचं नव्हतं ते. मी इतके दिवस ह्यांचं रक्त पुसत होते.

सोम., १०
तुटकं टोक घासून काढलं, खाचेवर जाड टेप लावली. डबा आता मस्त चालतो. हे पहिले आले शर्यतीत. भावजींना फोन, "अम्या, मशीनच होतं बघ! मी म्हणत नव्हतो?" किती दिवसांनी आवाज असा मोकळा लागला. मला आवडलं आणि मला त्याची भीतीही वाटली, दोन्ही एकदम.
भावजींनी मला विचारलं, झालं ना दुरुस्त? हो म्हटलं.

बुध., १२
काल दिवसभर मनात तेच. आज न राहवून म्हटलं, डोळे मिटा, मी बोटाला कापूस लावते, कळलं की हो म्हणा. कंपनीच्या डॉक्टरांनी मागच्या वेळी केलं तसंच. तेव्हा मी आतच होते, शर्टाची बटणं काढायला. डॉक्टर म्हणाले होते, ह्या दोन बोटांना जाण आली की मगच प्रेस.

अंगठा, हो. मधलं बोट, हो. अनामिका, काही नाही. करंगळी, काही नाही. मग मी कापूस खालीच ठेवला, हात मांडीवर घेऊन नुसती बसले.
"हो," हे म्हणाले. मी हलले नाही. "हो... हो."
मला रडू आलं. आवाज येऊ दिला नाही.

डोळे उघडल्यावर म्हणाले, आलं ना बरोबर? मी खरं ते सांगितलं. मग जे व्हायचं ते झालं. मी म्हटलं, डॉक्टरांना सांगू, हलकं काम मागू, पॅकिंगला बसवतील.
"पॅकिंगला? मी सेटर हाय. डाय बसवायला तिन्ही शिफ्टचे लोक मला हाक मारतेत. तितं बसून खोक्याला पट्ट्या लावू?"
"बोट तरी राहील."
"पॅकिंगला बसवलेला माणूस किती दिवस ठेवतेत, तुला काय म्हाईत?"
हे खरंच मला माहीत नाही. त्यांना माहीत आहे, त्यांनी पाहिलेत तसे. पण बोट डायच्या लोखंडी साच्याखाली गेलेलं ज्याला कळणारच नाही, त्याने तिथं उभं राहायचं? म्हणतात, हात आत गेला की प्रेस थांबवणारा सेन्सर आहे. हातमोजेही होते की ऑगस्टमध्ये.

शुक्र., १४
दोन दिवस कामापुरतंच बोलणं. आज हे चिंचवडगावात गेले होते. येताना कागदात गुंडाळलेलं काहीतरी माझ्या हातात दिलं. हिरव्या काचेच्या बांगड्या! लग्नाला सहा वर्षं झाली, ह्या माणसाने आपणहून कधी गजरासुद्धा आणलेला नाही. लाइनवर बांगड्या चालत नाहीत म्हणून माझे हात कायम मोकळे, आई त्यावरून टोमणे मारते. मला इतकं बरं वाटलं की भांडण विसरले. लगेच घातल्या. माप मोठं, सैल झाल्या, जरा हललं की खळखळाट. म्हटलं, माप विचारायचं तरी.
"मोठ्याच मागितल्या."
"का?"
मग सांगितलं. सोमवारी तू आत ये, बटणं काढायला. डॉक्टर डोळे मिटायला लावेल. ह्या दोन बोटांना हात लावला की तू बांगड्या वाजव. मोठ्याने नको. मनगट हलवायचं फक्त.

भाजी फोडणीला टाकली होती. जाऊन ढवळत राहिले. ढवळताना वाजत होत्या.

शनि., १५
कामावर जाताना बांगड्या काढून छोट्या डबीत ठेवल्या. सैल, सहज निघाल्या. दिवसभर बोर्ड तपासले, दोन चुकीचे पास केले, सुपरवायझरची बोलणी खाल्ली. बरोबरच बोलली ती.
मी हो म्हणाले नाही. नाही पण म्हणाले नाही. हे त्यालाच हो समजून चाललेत.

रवि., १६
भावजी जेवायला. दोघे भाऊ गेम खेळत बसले, गावाकडच्या गोष्टी. मला वाटलं भावजींना बाजूला घेऊन सांगावं. दारापर्यंत सोडायला गेले. चप्पल घालताना म्हणाले, "दादा किती खूश हाय वहिनी. उद्या होतंयच बघा." मी दार लावून घेतलं.

हे झोपण्याआधी एवढंच बोलले, "तुला वाटतंय मला भीती नाही?" मी वळले तर कुशीवर झाले होते. त्यांना भीती वाटते हे मला इतके दिवस का सुचलं नाही? राग फार करते मी. रागात माणूस दिसत नाही.

सोम., १७
चाकण. कंपनीच्या दवाखान्याबाहेरचा बाक. आमच्या आधी दोघं आहेत.
सकाळी बांगड्या घातल्या. घरी ठेवून निघाले असते तर ह्यांना दारातच कळलं असतं, आणि मग हे एकटेच आले असते. म्हणून घातल्या असं मी मला सांगतेय.
वाजवल्या तर उद्यापासून हे प्रेसवर, आणि फोन वाजला की माझा जीव जाणार. नाही वाजवल्या तर हे घरी, आणि माझ्याकडे कधी बघतील, देव जाणे. ज्याच्यासाठी चाललंय तो माणूस शेजारी बसून भिंतीवरचा सुरक्षेचा फलक वाचतोय.

मघाशी त्यांचा हात हातात घेतला. लोक होते तरी घेतला. अनामिकेच्या टोकात नख रुतवलं, जोरात, माझंच बोट पांढरं पडेपर्यंत. मनात म्हणत होते, ओरडा, चिडा, हात झटका, काहीतरी करा.
हे वळून म्हणाले, "च्या घेतीस का? अजून येळ हाय."

नाव पुकारलं. सोबतच्या बाईंनाही येऊ द्या म्हणाले. हे उठलेत, माझ्यासाठी थांबलेत. एवढी ओळ लिहिते आणि उठते. लिहिताना हात हलतो तेवढ्यानेही वाजतायत.