मामा आलाय, बाहेर ये

सेगेड, जून १९९२

प्रिय आंताल,

पत्राच्या माथ्यावर 'प्रिय' लिहायचं असतं हे शाळेत घोटून घेतलंय, म्हणून तेवढं तिथं राहिलंय. त्यावर जाऊ नकोस. तुझं पत्र मिळालं. निर्वासितांच्या छावणीतली गर्दी, तुझ्या बायकोचा, पिरोश्काचा खोकला, लेकीच्या, नोएमीच्या केसांतल्या उवा, सगळं वाचलं. शेवटी लिहिलंयस, "ताई, या देशात तुझ्याशिवाय मला कोण आहे? महिनाभर टेकायला जागा दे." मी लगेच उत्तर दिलं नाही, कारण तेव्हा नुसत्या शिव्याच लिहिल्या असत्या. आता जरा निवले आहे, म्हणजे शिव्या नीट ओळीत लिहिता येतील.

मी इथं थाटात राहते असं वाटत असेल तर ऐक. स्टेशनामागे एका म्हातारीच्या घरात मागची ओलसर खोली आहे. सकाळी एका शाळेच्या स्वयंपाकघरात बटाटे सोलते. म्हातारी बोलते आपलीच हंगेरियन भाषा, पण युगोस्लाव्हियातून आले म्हणून मला हाक मारते 'युगो'. "ए युगो, दिवा मालव. ए युगो, तुमच्याकडे साबण फुकट मिळायचा का गं?" तिकडे पावाच्या रांगेत उभं राहिलं की सर्ब पोरं म्हणायची, हंगेरियन ना तुम्ही, मग जा की हंगेरीत. आलो, तर हे. रविवारी चर्चच्या अंगणात आपल्याकडून पळून आलेली मंडळी जमतात. निम्मी पोरं माझ्या मार्तोनच्या वयाची. सूर्यफुलाच्या बिया फोडत बसतात आणि गहू कापायला घरी जाऊ म्हणतात. मागच्या रविवारी त्यातल्या एकाची आई माझे हात धरून म्हणाली, "तेरेझ, तुझा भाऊ म्हणजे देवमाणूस हो! माझ्या पोराचा लष्करभरतीचा कागद दोनदा 'पोरगा सापडला नाही' म्हणून परत घेऊन गेला." बाईचे डोळे भरून आले होते. मी म्हटलं, "हो, माझा भाऊ फार चांगला." तोंड कडू झालं, तरी म्हटलं.

कारण ते खरंच आहे. ग्रामकचेरीचा शिपाई म्हणून ते कागद घरोघर पोचवायचं काम तुझ्याकडे आलं, तेव्हा तू कितीतरी पोरांना वाचवलंस. कागद हातात पडून सही झाल्याशिवाय पोरगा त्यांचा होत नाही, हे तुला पक्कं माहीत होतं. सायकलची घंटी लांबूनच वाजवायचास, म्हणजे पोरं मागच्या दारानं मक्यात पळतील. मार्तोनला मळ्यातल्या घरी तूच नेऊन ठेवलंस, मक्याच्या कोठारात, आजोबांच्या जागी. आजोबांची गोष्ट मी तुला सांगायला नको. चव्वेचाळीसच्या शरद ऋतूत ते कम्युनिस्ट पार्टिझान सैनिक आले, हंगेरियन पुरुषांना 'कामाला' म्हणून कचेरीत बोलावलं, आणि गेले ते परत आले नाहीत. आजोबा त्याच कोठारात लपले होते. त्यांच्या मेव्हण्याला अंगणात मारलं, पुढचे दात पाडले, आणि तो म्हणत राहिला, "तो सुबोतित्साला गेलाय." म्हातारपणी त्याला भाकरी दुधात बुडवून चावावी लागायची. आपण दोघं त्याच्या बोळक्या तोंडाला हसायचो. आईनं तुला एकदा त्यासाठी थोबाडीत मारली होती.

तुझे दात शाबूत आहेत, आंताल.

लष्कराच्या कप्तानानं तुला काय विचारलं असेल ते मी ओळखते. दुसऱ्यांची पोरं सापडत नाहीत हे समजू शकतो, पण भाचा कुठंय ते मामाला ठाऊक नाही? मग म्हणाला असेल, भरतीच्या याद्यांत कचेरीच्या शिपायांचीही नावं घालता येतात. आता पत्रात मला विचारतोस, "माझ्या जागी तू असतीस तर काय केलं असतंस?" मला माहीत नाही. कदाचित मीही घाबरून कुणाचं तरी नाव घेतलं असतं. पण तू नुसतं नाव घेतलं नाहीस. त्यांची जीप बांधावर थांबवून, भर दुपारी, सायकल हातात धरून एकटा चालत कोठारापाशी गेलास.

हे मला कसं कळलं, याचा तुला अजून पत्ता नाही. पोरांना आघाडीवर पाठवायच्या आधी बराकीच्या फाटकापाशी मला मार्तोनला भेटू दिलं होतं. मी कांदा घातलेली चरबी आणि पाव नेला होता. त्याचे केस कापले होते, कान मोठे दिसत होते. तो म्हणाला, "आई, मी बाहेर आलोच नसतो. सायकलची घंटी ऐकली, मग मामाचा आवाज आला, 'मार्तोन, मामा आलाय, बाहेर ये.' मला वाटलं सिगारेटी आणल्या असतील." मग हसला. तुला आठवतं ना त्याचं ते कुणाला अडचणीत टाकायचं नाही असं हसू? "मामाला काही बोलू नकोस हं. त्याच्या मागं बांधावर दोघं सैनिक उभे होते. तो बिचारा माझ्याकडे बघतसुद्धा नव्हता." त्याचा बाप गेल्यावर तिसा नदीवर गळ टाकायला त्याला तूच शिकवलंस. बापाला मारावी तशी हाक तो तुला मारायचा. म्हणून तर बाहेर आला. दुसऱ्या कुणी हाक मारली असती तर तो आजही तिथं मक्यात बसला असता.

नोव्हेंबरात वुकोवारच्या आघाडीवरून त्याची शवपेटी आली. तो अधिकारी माझ्या स्वयंपाकघरात उभा राहून सर्बियनमध्ये बोलत होता आणि तू भिंतीला टेकून मला समजावत होतास, "ताई, पेटी उघडू नका म्हणतायत." मला सर्बियन येतं, आंताल. तो त्याहून जास्त बोलला होता, का उघडू नये ते. तू ते गाळलंस. ती तुझी दया, असं तू समजला असशील. त्यांचा झेंडा मी पेटीवर टाकू दिला नाही, तेव्हा गावातल्या बायकांना वाटलं तेरेझ शूर आहे. मी शूर वगैरे नव्हते. मला काहीतरी फाडायचं होतं आणि हाताला तो लागला. पेटीला खांदा द्यायला तू पुढं आलास, डाव्या बाजूला, सगळ्यांत पुढं. मी तुझ्या मागून चालले. तुझ्या कोटाच्या पाठीकडे बघत पूर्ण वाट चालले आणि ओरडले नाही. नंतर जेवायला बसलो तेव्हा मी तुझ्या ताटात सूप वाढलं.

का ओरडले नाही, ते आता सांगते. त्या दिवशी लोक पांगल्यावर आईनं मला आपल्या खोलीत नेलं, दार लावलं. तिला सगळं ठाऊक होतं. मार्तोनला नेलं त्याच संध्याकाळी तू तिच्या मांडीवर डोकं घालून रडून मोकळा झाला होतास. मोकळा तू झालास, ओझं तिच्या डोक्यावर. ती म्हणाली, "तेरेझ, नातू गेला. आता पोटची दोन पोरं एकमेकांना तोडून खाताना मला बघायची नाहीत. मी डोळे मिटेपर्यंत आंतालला एक शब्द बोलायचा नाही." मी शब्द दिला. त्याच घरात राहून तो पाळणं जमेना, म्हणून सीमा ओलांडून इथं आले. तुला वाटलं, दुःखानं गेली. मे महिन्यात शेवटी तुझंही नाव यादीत निघालं आणि तूही इकडे पळालास हे ऐकलं, तेव्हा मी बटाटे सोलता सोलता मोठ्यानं हसले. स्वयंपाकघरातल्या बायका घाबरल्या.

आंताल, आई गेली. गेल्या मंगळवारी, झोपेत. बायकांना अजून सीमेवर अडवत नाहीत, म्हणून मी जाऊन तिला माती देऊन आले. पाद्री म्हणाले, मुलाला छावणीत तार करू. मीच नको म्हटलं. तू आला असतास तर सीमेच्या फाटकातच तुला धरलं असतं, हे कारण मी त्यांना दिलं. खरं कारण तू समज. माझा शब्द तिच्याबरोबर संपला, आणि म्हणून हे पत्र. पिरोश्काला आणि नोएमीला शनिवारच्या गाडीनं पाठव. म्हातारी कुरकुरली, पण तिनं एक खाट दिलीय. उवांचं औषध मी आणून ठेवते. त्यांना डब्यात बसव आणि तू तिथूनच माघारी फिर. तू बरोबर आलेला दिसलास तर मी त्या दोघींनाही न घेता स्टेशनावरून परत जाईन. असं लिहिते खरं, पण नोएमीचं तोंड बघितल्यावर ते माझ्याच्यानं होईल की नाही, मला सांगता येत नाही. म्हणून तू येऊच नकोस.

मार्तोनची आई,
तेरेझ