वाटाड्याच्या हातचं पत्र

गुरुवार, ता. ६
नदीकाठचा तळ, सफरीचा चौथा दिवस

चि. खारूताईस,
आजीचे पोटभर आशीर्वाद.

मी खुशाल आहे. गुडघे खुशाल नाहीत, पण ते घरीही नव्हते. तुझ्या बापाला सांग की म्हातारी जिवंत आहे आणि जळवा चावल्या म्हणून परत यायचा तिचा विचार नाही. त्याने मला तीन आठवड्यांच्या रानसफरीचं तिकीट का काढून दिलं, ते मला कळलेलं नाही असं त्याला वाटतं. चार दिवस चिखल तुडवला की आई वैतागून येईल आणि म्हणेल, ज्याला पक्का पत्ता नाही अशा माणसाला आपली पोरगी द्यायची नाही. म्हणजे नकार आईच्या तोंडून आणि बाप नामानिराळा. त्याला म्हणावं, मी तुला जन्म दिलाय, तू मला नाही.

तुझ्या वाटाड्याला गुपचूप पारखून येईन असा शब्द मी तुला दिला होता. तो पहिल्याच दिवशी मोडला, पण त्यात माझा दोष नाही. इथल्या रानातल्या लोकांची एक रीत आहे. रानात पाऊल टाकण्याआधी, परक्याच्या उंबऱ्याशी थांबावं तसं थांबायचं आणि आपण कोण, कशाला आलो, ते मोठ्याने सांगायचं. रानाशी खोटं बोलणाऱ्याला वाट सापडत नाही म्हणतात. आमच्यातले बँकेचे साहेब म्हणाले, डॉक्टरांनी वजन उतरवायला सांगितलंय म्हणून आलो. निवृत्त मुख्याध्यापिकाबाई म्हणाल्या, घरी सून आहे म्हणून आले. मी घरून पाठ करून निघाले होते की पक्षी बघायला आले असं म्हणायचं. पण चौऱ्याहत्तराव्या वर्षी एवढ्या मोठ्या झाडांपुढे खोटं बोलायला जीभ वळेना. सांगून टाकलं, हा जो पुढे काठी घेऊन उभा आहे, तो माझ्या नातीच्या लायकीचा आहे का ते बघायला आले. सगळे त्याच्याकडे वळले. त्याच्या हातातली काठी पडली. मग तो माझी पिशवी उचलायला धावला. मी दिली नाही. परीक्षा घेणाऱ्याची पिशवी उचलणं ही लाच झाली.

हे पत्र तोच लिहितोय. मुख्याध्यापिकाबाई लिहून देते म्हणाल्या होत्या, मी मुद्दाम नको म्हटलं. तुझी आजी अंगठेबहाद्दर, जन्मभर दुसऱ्याच्या हाताने पत्रं लिहीत आली. तुझे आजोबा माझे टोमणे गाळायचे आणि त्या जागी खुशाली घालायचे. त्यांना वाटायचं मला कळत नाही. मी सांगायची हातभर आणि पेन वाजायचं बोटभर, न कळायला काय झालं? माणूस कसा आहे ते त्याला दुसऱ्याचं पत्र लिहायला बसवलं की कळतं. म्हणून आज ह्याला ह्याचेच दोष सांगतेय. घाम फुटलाय, पण पेन वाजतंय.

तर ऐक. चालताना दर दहा पावलांना मागे वळून आम्हाला मोजतो, कोंबड्या खुराड्यात घालताना मोजतात तसा. झाडांची ओळख अशी करून देतो जशी काही सासरची माणसं, आणि माणसांची नावं मात्र विसरतो; बँकेच्या साहेबांना दोनदा डॉक्टर म्हणाला. सदऱ्याचं एक बटण गेलंय, तिथे काटा टोचून ठेवलाय. विनोद सांगायच्या आधी स्वतःच हसत सुटतो, त्यामुळे विनोद काय होता ते कुणालाच कळत नाही. काल एक साप वाट ओलांडत होता, तर आधी त्याला जाऊ द्या म्हणून आम्हा अकरा जणांना पाव तास चिखलात उभं केलं. सापाला काही घाई नव्हती. शहरात येऊन राहीन असं नातीला कबूल केलं आहे, पण ते आपल्याच्याने होणार नाही हे त्याला कधीपासून माहीत आहे आणि सांगायचं धाडस झालेलं नाही. चहा पाणचट करतो. आणि मी ओंडक्यावरून घसरून बसले तेव्हा आधी हसला, मग हात दिला. मी हसण्यासारखीच बसले होते ही गोष्ट वेगळी.

सात झाले. बोटांवर मोजून सांगितलेत. पत्रात सात उतरलेत की ह्याने मधले खाल्ले, ते मोजून कळव. सहा निघाले तर लग्न विसर. टपाल बोटीने जातं, बोट सोमवारी आणि शुक्रवारी. उत्तर झटपट धाड.

आजीवरचा लोभ आहे तेवढा राहू दे, वाढला तर नको म्हणणार नाही.

तुझी आजी
(अंगठा)


रविवार, ता. ९

ती. आजीस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र काल लॅबमध्ये मिळालं. मी एका काकांची वरची कवळी घासत होते. पाकिटावर त्याचं अक्षर बघून वाटलं त्याचंच पत्र आलं, म्हणून हात न धुता उघडलं, तर आतून तू निघालीस. कागदावर प्लास्टरची पाच बोटं उमटली आहेत.

आजी, तुला काय म्हणावं? त्याच्याच हाताने त्याच्याच चुगल्या लिहून घेतल्यास. दोन वर्षांपूर्वी सफरीतल्या एका बाईंची कवळी नदीत पडली आणि नवी करून घ्यायला तो आमच्या लॅबमध्ये आला, तेव्हापासून मी त्याला ओळखते, पण माझं असं धाडस झालं नसतं. आई एवढी हसली की तिला पाणी द्यावं लागलं. बाबांना रात्रीच्या जेवणानंतर फक्त दोषांची यादी वाचून दाखवली. ते म्हणाले, आपल्याच विनोदाला आधी हसणारा माणूस भरवशाचा नसतो. त्यावर आईने त्यांच्याकडे नुसतं बघितलं. बाकी ते रोज विचारतात, आईचं पत्र आलं का, म्हणजे नकार आला का.

दोष मोजले. तीनदा मोजले. आठ आहेत.

सापानंतरचा तुझा नाही ना? तू मला तोंडावर नात म्हणत नाहीस, खारे म्हणतेस, त्यावरूनच कळलं. तो त्याने त्याच्या मनाने घातलाय. शहरात राहायला येणं त्याच्याने होणार नाही, आणि ते त्याला कधीपासून माहीत आहे. आजी, लॅबच्या वरची खोली आम्ही ठरवून ठेवली आहे. खिडक्यांचे पडदे शिवायला टाकले आहेत. दोन महिन्यांपूर्वी तो आला तेव्हा मापं घेताना टेपचं दुसरं टोक त्यानेच धरलं होतं. चारही खिडक्यांना धरलं. तेव्हा तोंड नव्हतं?

तो येणार नाही याचा राग नाही मला, म्हणजे आहे, पण तो निवळेल. मला सांगायची गोष्ट तुझ्या पदराआड लपून सांगितली, याचा जास्त राग आहे. सापाला वाट देतो आणि मला बातमी देत नाही. भित्रा आहे तो. हे पत्रही तोच तुला वाचून दाखवेल हे मला ठाऊक आहे. वाचू दे. भित्रा हा शब्द दोनदा वाचला तरी चालेल.

बाबांना वाचून दाखवताना आठवा मी गाळला. कळलं तर तिथल्या तिथे निकाल लागेल.

आणि एवढं सगळं लिहून झाल्यावर खरं सांगायचं तर, पाकिटावर त्याचं अक्षर दिसलं की माझा हात कामावर थांबतो. कालही थांबला. काकांचा एक दात वाकडा बसला, तो पुन्हा काढून लावला.

मी काय करू? तू सांगशील तेच करीन असं म्हणत नाही, पण तू काय म्हणतेस ते ऐकल्याशिवाय माझं डोकं चालणार नाही. गुडघ्यांना तेल चोळत जा.

माया केलीस तेवढी करत राहा, माझ्यासाठी ती पुरते.

तुझी
खारू


गुरुवार, ता. १३
रानातल्या लोकांची वाडी

चि. खारूताईस,
अनेक आशीर्वाद.

हे पत्र मुख्याध्यापिकाबाई लिहिताहेत, त्यामुळे शुद्ध असेल. त्यांनी आधीच बजावलंय की वाक्य अर्धं सोडायचं नाही.

तुझं पत्र सोमवारी बोटीने आलं. वाटाड्याने ताडपत्रीखाली ओंडक्यावर बसून वाचायला घेतलं. मला आठव्याचा पत्ताच नव्हता, बरं का. मी सात सांगून अंगठा उठवून मोकळी. वाचता वाचता तो आठ आहेत इथपर्यंत आला आणि थांबला. मला वाटलं पान संपलं. मग त्याने घसा खाकरला आणि पुढचं वाचलं. पडदे वाचले, टेपचं टोक वाचलं, चारही खिडक्या वाचल्या. भित्रा हा शब्द खरंच दोनदा वाचला. कान असे लाल झाले होते की जळवा बसल्यात की काय असं वाटलं.

मी विचारलं, बाबा रे, टेप धरताना का बोलला नाहीस? तो म्हणाला, त्या दिवशी वाटलं होतं की जमेल. डोळे मिटून रानात फिरणारा मी, तिच्या गल्लीत तीनदा चुकलो, तरी वाटलं की सवय होईल. परत आल्यावर कळलं की नाही होणार. नंतर दोनदा फक्त तेवढं सांगायला आला होता म्हणे, पण तू पडद्यांचा रंग विचारायचीस आणि तो रंग सांगून परत यायचा. निळा त्यानेच सांगितला का? मला वाटलंच. घाबरलेला माणूस निळाच सांगतो.

म्हातारीने भोळं असावं, बावळट असू नये. म्हणून तो गेल्यावर तुझं पत्र मी बाईंना पुन्हा वाचायला दिलं. त्याने शिव्या गाळल्यात का ते बघायचं होतं. एक गाळली नव्हती. सगळं जसंच्या तसं. फक्त एक ओळ मी आधी ऐकलेली नव्हती, ती हात थांबतो म्हणतेस ती. बाईंनी ती वाचली आणि चष्मा काढून पुसला. मी त्याला बोलावून घेतलं, म्हटलं, ही कुठे खाल्लीस? तो खाली बघून म्हणाला, एवढं ऐकून घेतल्यावर ती ओळ मोठ्याने वाचणं म्हणजे आपल्याच हाताने आपली पाठ थोपटणं.

खारे, मी पुष्कळ लिहिणारे आणि वाचणारे बघितले. सगळे वाईट गाळतात आणि चांगलं फुगवतात. चांगलं गाळून वाईट वाचणारा मला हा पहिला भेटला.

काल त्याने धनेश पक्ष्याची ढोली दाखवली. मादी आत बसते, ढोलीचं तोंड लिंपलेलं, चोचीपुरती फट ठेवलेली, आणि नर महिनोन्‌महिने बाहेरून फळं भरवतो. तो अगदी कौतुकाने सांगत होता. मी विचारलं, लिंपायच्या आधी तिला कुणी विचारलं होतं का? त्याने सांगितलं की बहुतेक लिंपण ती स्वतःच करते. स्वतः करत असेल तर ठीक, पण खारे, तू करू नकोस.

इथे वाडीत त्याची मावशी आहे, वेताच्या टोपल्या विणते. तिची भाषा वेगळी, म्हणून मध्ये तोच. तिने त्याच्या लहानपणच्या एकेक गमती सांगितल्या आणि त्या त्याला आमच्या भाषेत सांगाव्या लागल्या. अंथरूण किती वर्षांपर्यंत ओलं करायचा तेही त्याने बरोबर सांगितलं असावं, कारण मावशीने बोटं दाखवली तेवढीच वर्षं तो म्हणाला. तिने विचारलं, तुमची नात काय करते. मी म्हटलं, दात करते. तिचा विश्वास बसेना. तिच्या तोंडात एक दात नाही. मग मी तू केलेली कवळी काढून तिच्या हातावर ठेवली. खारे, ती कवळी घरोघर फिरून आली. तासाभराने परत मिळाली तेव्हा धुऊन, पानात गुंडाळून दिली होती. तोवर मी पाणचट चहावर होते.

आता तू विचारलंस ते. तुझे आजोबा तारा ओढायच्या कामावर होते. खांब जातील तिकडे ते, वर्षाचे आठ महिने. लोक मला बिचारी म्हणायचे. मी म्हणायची, रोज घरी येणाऱ्याशी तुम्ही रोज तेच भांडता, माझी भांडणं ताजी असतात. ते गमतीचं झालं. एकटीने ताप काढलेत, तेही लिहा म्हणते मी बाईंना. नवरा-बायकोने एका छपराखालीच राहिलं पाहिजे असं मला कुणी शिकवलं नाही, पण दोन छपरांचा संसार सोपा असतो असंही मी तुला सांगणार नाही.

तुझ्या बापाला माझा होकार सांग. पण तो माझा. तुझा तू ठरव. आणि त्याआधी आठवा दोष त्याला वाचून दाखव. वाटाड्याने एक ओळ खाल्ली, तू एक खाल्लीस, दोघं चांगले जोडीचे आहात.

पत्र संपवते, बाईंचा हात दुखतोय असं त्या सांगत नाहीत पण पेन हळू वाजतंय. तुझ्या मनात मला जी जागा आहे ती कुणाला भाड्याने देऊ नकोस.

तुझी आजी
(अंगठा)


रविवार, ता. १६

ती. आजीस,
सा. न. वि. वि.

बाबांना आठवा वाचून दाखवला. त्यांनी कागद मागून घेऊन अक्षर बघितलं. मग विचारलं, हे त्याने आपणहून लिहिलं? मी हो म्हटलं. ते म्हणाले, म्हणजे पत्ता पक्का आहे त्याचा, आपल्याला आवडणारा नाही एवढंच. आणि तिकिटाचं तुला कळलं होतं हे ऐकून उठून बाल्कनीत गेले. होकार दिलेला नाही, पण नकाराची चौकशी बंद झाली आहे. तुझ्या पोराला तेवढंच जमतं असं आई म्हणते.

पडदे शिवून आले. निळेच आहेत. चारांपैकी दोन आईने स्वयंपाकघराला लावले, दोन माझ्याजवळ आहेत.

मी शुक्रवारच्या बोटीने येतेय. लॅबच्या मालकांकडून दहा दिवस मागून घेतले. त्यांना म्हटलं, एका आजींच्या तोंडाचं माप घ्यायला जायचंय. ते म्हणाले, एवढ्या लांब? मी म्हटलं, दात नसणारे सगळीकडे असतात. प्लास्टर आणि मेण बांधून घेतलंय. मावशींना सांग, मापं घेईन, दात इथे येऊन करीन आणि बसवायला परत येईन. म्हणजे दोनदा येणं झालं. तिसऱ्यांदाचं कारण अजून सापडायचंय.

तुझ्या तापांचं वाचलं. ते मला आजवर कुणी सांगितलं नव्हतं. ते वाचून मी घाबरले, आणि मग ठरवलं.

इथून पुढचं पत्र वाचणाऱ्यासाठी. आजी, तू कान झाकून घे. झाकणार नाहीस, माहीत आहे.

हे बघ, तू शहरात येऊ नकोस. मी लॅब सोडणार नाही. मधल्या नदीचं काय करायचं ते मला माहीत नाही आणि तुलाही माहीत नसणार. ते दोघं मिळून शोधू, भांडू, पुन्हा शोधू. पण इथून पुढे जे असेल ते माझ्या तोंडावर सांगायचं, कितीही कडू असलं तरी, आणि मी विषय बदलला तर मला गप्प करून सांगायचं. एवढं कबूल असेल तर माझा होकार आहे.

ही ओळ गाळायची नाही. मुख्याध्यापिकाबाईंना समोर बसव, आजीला जवळ घे आणि मोठ्याने वाच.

तुम्हां सगळ्यांचा लोभ शुक्रवारपर्यंत सांभाळून ठेवा, मी येऊन घेते.

तुझी
खारू