भिंतीवरची हजेरी

सुराबाया, ४ ऑगस्ट

ती. कांग सुतोपो आणि नदीकाठच्या गल्लीतल्या, विहिरी कोरड्या पडलेल्या सगळ्या शेजाऱ्यांना,
शि. सा. न. वि. वि.

कांग, थोरला भाऊ असून सख्ख्या बहिणीचा फोन तू उचलत नाहीस, म्हणून लिहिते. गल्लीचा प्रमुख तू आहेस, तेव्हा हे पत्र गस्तीच्या चौकीत मोठ्याने वाच.

पुलापलीकडच्या हॉटेलाने खोल बोअर मारून तुमचं पाणी ओढलं. आता त्यांना दुसरी बोअर हवी आहे आणि तिला शेजाऱ्यांची संमती लागते. स्वातंत्र्यदिनाच्या तयारीच्या बैठकीत त्यांनी तुम्हाला कोंबडी-भाताचे डबे वाटले, हजेरीच्या कागदावर सह्या घेतल्या आणि तोच कागद संमती म्हणून परवाना कचेरीतल्या अर्जाला जोडला. मी त्याची नक्कल मिळवली. शुक्रवारी पुरुष मशिदीत असताना बॅडमिंटनच्या मैदानाच्या भिंतीवर तो जसाच्या तसा रंगवला, एकेक सही हातभर. डब्यापायी विहीर दिलीत, आता रोज बघा. पुसायची हिंमत करू नका.

लोभ उरला असेल तर असू द्या.
लारस

योग्यकर्ता, १० ऑगस्ट

चि. लारस हिला आशीर्वाद. रीत म्हणून देतो, मनातून येत नाहीत.

पत्र वाचून दाखवलं. अर्ध्यावरच मासेवाल्या तुमिनीने विचारलं, की ही बया आपल्यासाठी भांडतेय की आपल्याशी? तू आलीस, रंगवलंस, गाडीत बसलीस. राहायचं आम्हाला आहे. सगळ्यात वर माझी सही. लोक तिच्याखाली उभे राहून फोटो काढतात, मला कोंबडीप्रमुख म्हणतात. कागदावर फक्त ‘हजेरी’ लिहिलं होतं, लारस. मी फसलो, विकला गेलो नाही. भिंतीला रंग लावण्याआधी घरोघर विचारायची आपली पद्धत, तीही विसरलीस?

काल श्रमदानात मीच चुना घेतला. अकरा सह्या पुसल्या, माझी पहिली. बाराव्या जागी सुपाएवढा अंगठा आणि पुढे कार्सिनेम आजीचं नाव. तेवढ्यात आजी काठी आपटत आली आणि ओरडली, की हा कुणाच्या बापाचा अंगठा? त्रेसष्टाव्या वर्षी तिने अक्षरं गिरवली. तेव्हापासून भिशीच्या वहीतही ती सहीच करते. शिवाय बैठकीच्या दिवशी ती वोनोसारीला लेकीकडे होती.

मी ब्रश खाली ठेवला. तुझ्यावरचा राग गेलेला नाही, पण अंगठा पुसलेला नाही.

लोभ मागत नाही.
सुतोपो

सुराबाया, १३ ऑगस्ट

ती. कांगला नमस्कार.

विचारलं नाही, ती चूक माझी. सह्या पुसल्यास, तो भित्रेपणा तुझा. त्यावर जन्मभर भांडू. पण तो अंगठा मी रेघ न् रेघ रंगवला आणि आजी अंगठा देत नाही, हे मला आठवलं नाही. याची लाज मला तुझ्या शिव्यांपेक्षा जास्त वाटते.

वीस तारखेला परवान्याची सुनावणी आहे. हॉटेलवाले तो कागद पुढे करतील. भाषण करू नकोस, मोर्चा आणू नकोस. आजीला सायकलरिक्षात बसव, कचेरीत ने आणि साहेबासमोर तिच्या हातात पेन दे.

लारस